बॉक्सिंगच्या लढती जपायच्या तर आधी काय करावं? सोलापूरहून आलेल्या प्रश्नाला सविस्तर उत्तर

प्रश्न थोडक्यात असा आहे. सोलापुरातल्या एका व्यायामशाळेच्या लोखंडी कपाटात ८ आणि १६ मिमीची काही रिळं आणि डझनभर व्हीएचएस कॅसेट सापडल्या आहेत. त्यांवर जुन्या बॉक्सिंग लढती असाव्यात, पण लेबलं गळून गेली आहेत. येत्या एप्रिलमध्ये तिथेच जिल्हा पातळीवरची स्पर्धा आहे. "कॅमेरा कोणता घ्यावा, खऱ्या फिल्मवर चित्रण केलं तर जास्त टिकेल का, आणि जुन्या रिळांचं काय करावं?"

कॅमेऱ्याचा प्रश्न मी मागे ढकलतो, कारण खरी अडचण तुमच्या कपाटातच दिसते आहे. चित्र आहे, पण कोण कोणाशी लढतंय, कोणत्या साली, निकाल काय लागला हे सांगणारं काही उरलेलं नाही. चाळीस वर्षांनी एप्रिलच्या स्पर्धेचीही हीच गत होऊ शकते, कॅमेरा कितीही भारी असला तरी. लढतीची नोंद तीन गोष्टी मिळून होते: अखंड चित्र, घंटेसकट आवाज आणि कागद, म्हणजे ड्रॉ (कोण कोणाशी लढणार याचा तक्ता), गुणपत्रिका, नावं. यातली एक गेली तरी उरलेल्या दोन लंगड्या पडतात.

अखंड चित्रावर माझा इतका जोर का, ते एका उदाहरणावरून सांगतो. १९८८च्या सोल ऑलिंपिकमध्ये रॉय जोन्स ज्युनियर अंतिम फेरीत पार्क सी-हुनकडून ३-२ असा हरल्याचं जाहीर झालं. अमेरिकी वाहिनीच्या मोजणीत जोन्सचे ८६ ठोसे लागले होते, पार्कचे ३२. तिन्ही फेऱ्या घंटेपासून घंटेपर्यंत चित्रित झालेल्या होत्या म्हणूनच असं मोजता आलं. त्या वादानंतर गुण द्यायची पद्धत बदलली आणि १९९२पासून ऑलिंपिकमध्ये जजांच्या हाती बटणं आली. निवडक ठोशांची दोन मिनिटांची फीत असती तर मोजणार काय? हायलाइट्स जरूर करा, पण मूळ चित्रण न कापता ठेवा.

आता खऱ्या फिल्मबद्दल. चांगल्या जागी ठेवलेली फिल्म डिजिटल फायलीपेक्षा जास्त टिकते, हे खरं आहे. पण हिशेब पाहा. १६ मिमीचं १०० फुटांचं रीळ सेकंदाला २४ फ्रेमच्या वेगानं २ मिनिटं ४६ सेकंद चालतं. फेरी ३ मिनिटांची. म्हणजे फेरीचे शेवटचे चौदा सेकंद, जेव्हा दोघं जीव तोडून लढत असतात, तेच हातचे जातात. ४०० फुटांचं रीळ लावलं तर ११ मिनिटं मिळतात. तीन फेऱ्या आणि दोन विश्रांती मिळूनही ११ मिनिटंच होतात. रेफरीनं मध्ये एकदा घड्याळ थांबवलं की फिल्म संपली. ही अडचण जुनीच आहे. १८९७मध्ये अमेरिकेतल्या कार्सन सिटीला कॉर्बेट आणि फिट्झसिमन्स यांची लढत चित्रित करताना इनॉक रेक्टरनं शेजारी शेजारी तीन कॅमेरे मांडले होते, म्हणजे एकात फिल्म भरताना दुसरा चालू राहावा. इतकं करूनही ती तासाभराहून मोठी फिल्म आज तुकड्यांतच उरली आहे. दिवसाला वीस लढती असतील तर फिल्मचा विचार सोडा. पैसे आणि हौस असेल तर एखादी अंतिम लढत फिल्मवर घ्या, पण डिजिटल चित्रण सोबत ठेवूनच.

कॅमेऱ्यापेक्षा त्याची जागा महत्त्वाची. रिंग दोरांच्या आत ६.१ मीटर असते, चौथरा साधारण १ मीटर उंच आणि सगळ्यात वरचा दोर कॅनव्हासपासून सुमारे १३० सेंमीवर, म्हणजे जमिनीपासून २.३ मीटरवर. जमिनीवर ट्रायपॉड लावून लेन्स १.६ मीटरवर ठेवली आणि रिंगपासून ९ मीटर लांब उभे राहिलात, तर वरचा दोर रिंगच्या मध्यावर उभ्या असलेल्या मुलाच्या बरोबर चेहऱ्यावरून जातो. जुन्या चित्रणांत सर्रास दिसणारी चूक हीच. लेन्स ३ ते ३.५ मीटरवर नेली की तोच दोर कमरेशी येतो आणि गुण मिळवून देणारा सगळा भाग, पट्ट्याच्या वरचा, मोकळा दिसतो. त्यासाठी दोन मीटर उंचीचा मजबूत मचाण लागेल. मांडववाल्याकडून बांधून घ्या, पण प्रेक्षकांच्या बाकांना टेकवू नका. टाळ्या पडल्या की चित्र हलतं.

मचाण कोणत्या बाजूला? पदाधिकाऱ्यांच्या टेबलामागे. नेहमीच्या मांडणीत तिथून लाल कोपरा डावीकडे जवळ आणि निळा उजवीकडे लांब येतो. सगळ्या लढती याच बाजूनं घेतल्या की पुढे पाहणाऱ्याला दर वेळी दिशा शोधावी लागत नाही. लेन्स फुल फ्रेमच्या हिशेबानं ४० ते ५० मिमी ठेवा, फोनवर दीड ते दोन पट झूम. पूर्ण रिंग चौकटीत बसवा आणि कॅमेरा हलवू नका. या चौकटीत १०८० रेझोल्युशनला चेहरा जेमतेम ५० पिक्सेलांचा दिसतो, म्हणून ४के आणि सेकंदाला ५० फ्रेम एकत्र मिळत असतील तर तेच घ्या. दोन्ही एकत्र जमत नसेल तर ५० फ्रेम सोडू नका, ४के सोडा.

दुसरा कॅमेरा असेल तर तो शेजारच्या बाजूला, काटकोनात ठेवा. एका बाजूनं पाहताना अर्धे ठोसे पाठीआड जातात. जज वेगवेगळ्या बाजूंना बसतात आणि एकाच फेरीला वेगळे गुण देतात, त्यामागे बऱ्याचदा हेच कारण असतं. निकाल असा का लागला हे पुढे कुणाला समजून घ्यायचं असेल तर दुसरी बाजू हवीच. या कॅमेऱ्यानं खेळाडूंच्या मागे फिरायला हरकत नाही.

सेटिंगबद्दल. आपली वीज ५० हर्ट्झची, म्हणून हॉलचे दिवे सेकंदाला शंभर वेळा कमीजास्त होतात. ५० फ्रेम आणि १/१०० शटर ठेवलं तर पट्टे येत नाहीत. ६० फ्रेम ठेवलेत तर चित्र धडधडू लागतं आणि नंतर ते नीट साफ होत नाही. चांगला ठोसा सेकंदाला ८ ते ९ मीटर वेगानं जातो. १/५० शटरला ग्लोव्ह एका फ्रेममध्ये १६-१८ सेंमी ओढल्यासारखा दिसतो, १/१००ला त्याच्या निम्मा. स्वस्त एलईडी दिवे मात्र कोणतंच गणित पाळत नाहीत. म्हणून आदल्या संध्याकाळी, स्पर्धेच्याच वेळी, स्पर्धेचेच दिवे लावून मिनिटभर चित्रण करा आणि ते मोठ्या पडद्यावर पाहा. एक्स्पोजर, फोकस आणि व्हाइट बॅलन्स हातानं लावून लॉक करून टाका. ऑटोवर ठेवलं तर पांढरा शर्ट घातलेला रेफरी पुढे आला की खेळाडूंचे चेहरे काळे पडतात.

आवाजासाठी वेगळा रेकॉर्डर पदाधिकाऱ्यांच्या टेबलावर ठेवा, पण थेट लाकडावर नको. घंटेचा हादरा टेबलातून चढतो आणि आवाज फाटतो. सोलापुरी टॉवेलची चौपदरी घडी खाली घाला, काम होतं. लेव्हल ऑटो ठेवू नका. घंटा वाजताना काटा उणे १२ डेसिबलच्या आसपास राहील असं आधी वाजवून पाहा. विश्रांतीच्या मिनिटातही रेकॉर्डिंग थांबवायचं नाही. कोपऱ्यात प्रशिक्षक काय सांगतोय, कोणत्या भाषेत सांगतोय, हा सोलापूरच्या खेळाचा इतिहासच आहे. मराठी, तेलुगू, कन्नड आणि दखनी एकाच मिनिटात ऐकू येतील अशी गावं महाराष्ट्रात किती आहेत? आयोजकांना मात्र एक विनंती आधीच करून ठेवा, लढत चालू असताना डीजे नको. गाण्याखाली दबलेली घंटा आणि रेफरीची हाक परत काढता येत नाही.

प्रत्येक लढतीआधी दहा सेकंद पाटी दाखवा: तारीख, ठिकाण, लढत क्रमांक, वजनगट, लाल कोपरा, निळा कोपरा. तीच माहिती तोंडानंही बोला. नावं खेळाडूला विचारूनच लिहा. तेलुगू घरांत आडनाव आधी येतं, कन्नड नावाचं मराठीत रूप बदलतं, आणि ड्रॉमध्ये टंकणाऱ्यानं तिसरंच काही लिहिलेलं असतं. देवनागरी आणि रोमन दोन्ही लिपींत, जन्मसालासकट लिहिलं तर पुढे एकच माणूस तीन नावांनी तीन ठिकाणी सापडणार नाही. निकालानंतर विजेत्याचा हात वर जाईपर्यंत कॅमेरा चालू ठेवा. संध्याकाळी गुणपत्रिकांचे आणि भरलेल्या ड्रॉचे फोटो काढायचे; तो कागद दुसऱ्या दिवशी वडापावाखाली जातो.

एप्रिल आहे, म्हणून उन्हाचं वेगळं सांगतो. सोलापुरात पारा चाळिशी ओलांडतो आणि पत्र्याच्या हॉलमध्ये वर, मचाणाच्या उंचीवर, त्याहून जास्त तापतं. फोन आणि छोटे कॅमेरे अशा वेळी मध्येच बंद पडतात. कॅमेऱ्यावर पांढरं कापड सावलीसारखं धरा, फोन असेल तर कव्हर काढा, स्क्रीनचा उजेड कमी करा आणि एक लहान पंखा त्याच्याकडे वळवा. वीज जाते हे धरूनच चाला: कॅमेरा यूपीएसवर ठेवा आणि कॅमेऱ्यात भरलेली बॅटरीही असू द्या. ५० मेगाबिटच्या १०८० चित्रणाला तासाला साडेबावीस जीबी लागतात. एक लढत पाटीपासून निकालापर्यंत पंधरा मिनिटं धरा. वीस लढतींना पाच तास, म्हणजे एका कॅमेऱ्याला ११२ जीबी. १२८ जीबीचं कार्ड पुरतं, पण जेवणाच्या सुट्टीत बदला. कार्ड बिघडलंच तर निदान अर्धा दिवस वाचतो.

आता कपाट. इथे मात्र बरंच काही रिळांच्या अवस्थेवर अवलंबून आहे, त्यामुळे आधी तपासणी करा. सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे रिळं प्रोजेक्टरवर लावून पाहू नका. हा मोह सगळ्यांना होतो आणि त्यातच फिल्मची छिद्रं फाटतात.

डबा उघडून वास घ्या. व्हिनेगरसारखा आंबट वास आला तर अ‍ॅसिटेट फिल्म आतून कुजायला लागली आहे. ती वाफ शेजारच्या चांगल्या रिळांनाही बाधते, म्हणून आंबट रिळं लगेच वेगळी करा आणि डबे हवाबंद करू नका. सोबत सुती हातमोजे आणि स्टीलची पट्टी घ्या. फिल्म सपाट धरून एका छिद्राच्या कडेपासून पुढच्या शंभराव्या छिद्राच्या त्याच कडेपर्यंतचं अंतर मोजा. १६ मिमीला ते ७६२ मिमीच्या आसपास यायला हवं, साध्या ८ मिमीला ३८१ आणि सुपर ८ला ४२३. १६ मिमीला ७५४ आलं तर फिल्म एक टक्का आकसली आहे. अशी फिल्म दातेरी चाकांवर चालवायची नाही, तिला चाकांशिवाय चालणारा स्कॅनर लागतो. आपल्याकडच्या ८ आणि १६ मिमी फिल्मच्या कडेला बहुधा 'सेफ्टी' छापलेलं दिसेल, त्यामुळे आगीची भीती नाही. ३५ मिमीचं आणि १९५१च्या आधीचं काही निघालं तर मात्र हात न लावता पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला विचारा. ती नायट्रेट, म्हणजे पटकन पेट घेणारी फिल्म असू शकते, आणि २००३मध्ये पुण्यात नायट्रेट फिल्मच्या साठ्याला आग लागून काय काय गेलं ते चित्रपटप्रेमी अजून विसरलेले नाहीत.

रिळं तोवर तळमजल्यावरच्या आतल्या खोलीत ठेवा, पत्र्याखाली किंवा माळ्यावर नको. स्कॅनसाठी पुण्या-मुंबईला न्यायची तर एप्रिलच्या दुपारी एसटीच्या डिकीत टाकू नका. सिद्धेश्वर एक्सप्रेसनं रात्री, हातातल्या पिशवीत न्या. घाई नसेल तर जानेवारीत गड्ड्याच्या यात्रेच्या दिवसांतली थंडी सगळ्यात चांगली. आंबट वासाची रिळं मात्र तोवर थांबवायची नाहीत. स्कॅन करणाऱ्याला तीन गोष्टी लिहून द्या: प्रत्येक फ्रेम एकदाच घ्या, वेग 'दुरुस्त' करू नका, आणि छिद्रांसकट कडा दिसू द्या. कडेवर कोडॅकची चौकोन, वर्तुळ, त्रिकोण अशी खूण असते, तिच्यावरून फिल्म तयार झाल्याचं साल कळतं. खुणा वीस वर्षांनी पुन्हा येतात, त्यामुळे दोन-तीन सालं निघतील. त्यांतलं कोणतं, ते रिंगवरून ठरवायचं.

रिंगवरून म्हणजे कसं? लढतीत दोन-दोन मिनिटांच्या चार फेऱ्या असतील तर बहुधा २००० ते २००८ या काळातली. तीन मिनिटांच्या तीन फेऱ्या त्याच्या बऱ्याच आधीच्या किंवा २००९नंतरच्या. ऑलिंपिकमध्ये हेडगार्ड १९८४पासून आलं आणि वरच्या पातळीवर पुरुषांचं २०१३मध्ये गेलं. जजांसमोर बटणांची पेटी दिसली तर १९९२च्या अलीकडचं. जिल्हा पातळीवर नियम उशिरा पोचतात, त्यामुळे हे सगळं दोन-चार वर्षं मागेपुढे धरा. मग स्थानिक दैनिकांच्या जुन्या फायली चाळा. क्रीडापानावर दोन ओळींची बातमी सापडली तरी पुरे.

रिळात लढत दर अर्ध्या मिनिटाला तुटलेली दिसली तर कुणी कापली असं समजू नका. चावीच्या कॅमेऱ्याची स्प्रिंग तेवढीच चालते. बोलेक्ससारखा चांगला कॅमेराही एका चावीत २४च्या वेगानं सुमारे २८ सेकंदच देतो. वेग कोणता होता हे शोधायलाही खेळच मदत करतो. कुणी पडलं की रेफरी सेकंदाला एक बोट दाखवत आठपर्यंत मोजतो. पहिल्या बोटापासून आठव्या बोटापर्यंत सात सेकंद जातात. तेवढ्यात ११२च्या आसपास फ्रेम मोजल्या तर वेग १६, १२६ असतील तर १८, १६८ असतील तर २४. हा वेग नोंदवला नाही तर १६च्या फिल्ममधली मुलं पडद्यावर दीडपट वेगानं नाचतात आणि पाहणारे हसतात. त्या पोरांनी गाळलेल्या घामाचं असं हसू होऊ नये.

कॅसेटचं काम थोडं सोपं आहे. खिडकीतून फितीच्या कडेवर पांढरी पावडर दिसली तर ती बुरशी आहे. साफ केल्याशिवाय व्हीसीआरमध्ये घालू नका, ती हेडवर बसून पुढच्या कॅसेटलाही लागते. बाकीच्या एकदा शेवटपर्यंत पुढे आणि मागे गुंडाळून मगच चालवा. आपली व्हीएचएस पाल पद्धतीची: सेकंदाला २५ फ्रेम, पण ५० अर्धी चित्रं. संगणकात घेताना ७२० बाय ५७६ ठेवा, मूळ फाइल इंटरलेस्डच, म्हणजे अर्ध्या चित्रांचीच, राहू द्या आणि पाहण्यासाठीची प्रत ५० फ्रेमची करा. दुकानदार २५ फ्रेमची एमपी४ करून देतात. त्यात प्रत्येक ठोशाची अर्धी हालचाल कायमची जाते.

फायली झाल्या की तीन प्रती: दोन वेगळ्या कंपन्यांच्या हार्डडिस्कवर आणि एक क्लाउडवर. एक डिस्क सोलापूरबाहेर, कुणा नातेवाइकाकडे ठेवा. प्रत्येक फाइलचा चेकसम (फाइल बिघडली तर बदलणारा तपासणी-आकडा) काढून यादीत लिहा, वर्षातून एकदा ताडून पाहा, आणि पाच वर्षांनी सगळं नव्या डिस्कवर न्या. स्कॅन झाल्यावर मूळ रिळं फेकू नका, पुढचा स्कॅनर आजच्यापेक्षा चांगला असेल.

परवानगी लेखी घ्या, आयोजकांची आणि अठराखालच्या मुलांच्या पालकांची. जपून ठेवणं वेगळं आणि यूट्यूबवर टाकणं वेगळं, दोन्हींसाठी कागदावर स्वतंत्र खूण हवी. लहान मुलाचा नॉकआउट जपा, पण जगाला दाखवू नका.

शेवटचं काम कॅमेऱ्याचं नाही, पण त्याला सगळ्यात कमी वेळ उरला आहे. स्कॅन झालं की व्यायामशाळेतल्या जुन्या खेळाडूंना एकत्र बोलवा, चहा ठेवा, चित्र भिंतीवर लावा आणि त्यांचं बोलणं रेकॉर्ड करा. चित्रात घड्याळ दिसत राहू द्या, म्हणजे "हा आमचा वस्ताद, तो मिलमधला" असं कुणी म्हणालं की ते कोणत्या सेकंदाला म्हणाला ते कळेल. दोघांचं नावावरून भांडण झालं तर दोन्ही नावं लिहून ठेवा.

या आठवड्यात एवढंच करा: वास घेऊन रिळं वेगळी करा, शंभर छिद्रं मोजा, आणि प्रत्येक रिळाचं माप, फिल्मचा प्रकार, कडेवरची खूण इथे लिहा. त्यावरून कोणतं रीळ आधी स्कॅनला पाठवायचं ते सांगता येईल.